आधी सीडी घाला, मग बोला

सॅम फिशर या माणसाचं सगळं आयुष्य अंधारात गेलं. अमेरिकेच्या राष्ट्रीय सुरक्षा संस्थेत 'थर्ड एशेलॉन' नावाचं एक खातं आहे असं या खेळात धरून चालायचं, आणि सरकारला विचाराल तर असलं काही खातंच नाही असं उत्तर मिळतं. त्या नसलेल्या खात्यात सॅम नोकरीला आहे. पन्नाशीला टेकलेला, आवाज घोगरा (मायकेल आयर्नसाइड या नटाचा), बोलणं किंचित कुजकं. काम एकच. जिथे कोणी बोलावलेलं नाही तिथे जायचं, हवं ते उचलायचं आणि आपण येऊन गेल्याचा कोणाला पत्ताही लागू न देता परत यायचं. दिवे फोडायचे, भिंतीला चिकटायचं, पहारेकऱ्याच्या पाठीमागून पाऊल न वाजवता सटकायचं. आणि हे सगळं करताना डोक्यावरच्या चष्म्याचे तीन हिरवे दिवे लखलखत ठेवायचे! पेरूपासून जपानपर्यंत एकाही पहारेकऱ्याने "त्या कोपऱ्यात तीन हिरवं काय चमकतंय रे?" असं आजवर विचारलेलं नाही. या पहारेकऱ्यांची भरती कोणाच्या वशिल्याने होते, हा वेगळ्या लेखाचा विषय आहे.

'स्प्लिंटर सेल' ही मालिका २००२ मध्ये सुरू झाली आणि मार्च २००५ मध्ये तिचा तिसरा भाग आला, 'केऑस थिअरी'. प्रकाशक फ्रान्सची युबिसॉफ्ट कंपनी, कारागिरी मुख्यतः तिच्या मॉन्ट्रियलच्या स्टुडिओची. लपूनछपून खेळायच्या खेळांत याला आजही मानाचं पान मिळतं, आणि माझ्या मते ते रास्तच आहे. बाकीच्या खेळांत अंधार म्हणजे नुसता काळा रंग. इथे पडद्याच्या कोपऱ्यात दोन मापं असतात. एक सांगतं तुम्ही किती दिसताय, दुसरं सांगतं तुम्ही किती वाजताय. दुसऱ्या मापावर एक खूण असते, ती आजूबाजूच्या आवाजाची. पाऊस कोसळत असेल, जनरेटर धडधडत असेल, तर ती खूण वर चढते आणि तुम्हाला तेवढं वाजायची मुभा मिळते. पहिलीच मोहीम पेरूच्या किनाऱ्यावरच्या दीपगृहातली. रात्र, वादळ, धो धो पाऊस. एका प्रोग्रॅमरला पळवून नेलंय आणि त्याच्या डोक्यातली भयंकर गणितं शत्रूच्या हाती लागायची भीती आहे. आपल्याकडे प्रोग्रॅमरला कोणी पळवून नेत नाही, तो आपणहूनच जातो. पण गोष्ट म्हणून ते ठीक आहे.

संगणकावर खेळणाऱ्याला यात एक खास सोय होती. माउसचं चाक फिरवून सॅमची चाल कमी-जास्त करता यायची. चाक मागे ओढत नेलं की सॅम मांजराच्या पावलांनी सरकतो, पुढे लोटत नेलं की तरातरा चालायला लागतो. गेमपॅडवाल्यांना कितीही गर्व असो, ही खाचेखाचेची बारीक मजा त्यांच्या नशिबी नव्हती. एखाद्या खोलीत पहारेकरी टेबलावर रेलून जांभई देतोय, तुम्ही त्याच्या मागून इंचाइंचाने निघालाय, श्वासही तुम्हीच रोखून धरलाय, आणि नेमकं बोट घसरून चाक दोन खाचा पुढे जातं. सॅमचा बूट वाजतो. पहारेकरी वळतो. पूर्वीच्या भागांत तीनदा भोंगा वाजला की खेळ खलास व्हायचा. या भागात सॅम स्वतःच साहेबाला विचारतो, की तीन भोंगे झाले की मोहीम संपली, असंच ना? साहेब त्याला सुनावतो की हा काय व्हिडिओ गेम वाटला का तुला. खेळानेच खेळाची टोपी उडवावी, इतका आत्मविश्वास त्या काळी या मंडळींकडे होता.

विकत घेणाऱ्यावर मात्र तसा विश्वास नव्हता.

संगणकासाठीच्या डब्यात जी डिस्क होती तिच्यासोबत एक न सांगितलेला पाहुणा घरात शिरायचा. नाव स्टारफोर्स. मूळचा मॉस्कोचा. नक्कल रोखणाऱ्या साधनांच्या त्या जमान्यात याच्याइतका कडवा पहारेकरी दुसरा नव्हता. त्याच्या आधीचे पहारेकरी तसे सज्जन. ऐंशीच्या दशकात खेळ मध्येच थांबून विचारायचा, 'माहितीपुस्तिकेच्या अमुक पानावरचा तमुक शब्द सांगा.' पुस्तिकेची झेरॉक्स काढली की प्रश्न मिटला. मग झेरॉक्स निघू नये म्हणून कागद गडद रंगाचे आले, आणि ते मूळ मालकालाही वाचता येईनात. या सगळ्या धंद्याचं पुढे काय होणार, ते तेव्हाच कोणाच्या तरी लक्षात यायला हवं होतं.

स्टारफोर्सची हुशारी खरोखर दाद देण्याजोगी होती. डिस्कवर माहिती एका लांबलचक गुंडाळलेल्या रेघेत लिहिलेली असते. कारखान्यात साच्यातून काढलेल्या प्रतींत त्या रेघेवरच्या एका ठरावीक जागेपासून दुसऱ्या ठरावीक जागेपर्यंतचा कोन सारखाच भरतो. घरच्या रायटरवर तीच डिस्क उतरवली, तर त्यातली अक्षरं सगळी उतरतात, पण कोन उतरत नाही. स्टारफोर्स डिस्क नुसती वाचायचा नाही, ती मोजायचा. खेळ सुरू करायला बसलं की ड्राइव्ह घरघरायची, थांबायची, पुन्हा घरघरायची, आणि आपण हात जोडून बसायचं. माप जुळलं तर सॅम भेटणार. डिस्कवर ओरखडा असेल, ड्राइव्ह जुनी असेल, तर "मूळ डिस्क घाला" असा निरोप. आतली डिस्क मूळच होती, पण हे सांगायचं कोणाला?

आता डिस्कचा कोन मोजायचा म्हणजे ड्राइव्हशी थेट, मध्यस्थाशिवाय बोलायला हवं. ते ओटीवर बसून जमत नाही. जुन्या घरात पाहुणा कितीही मोठा असो, तो ओटीवर बसायचा, पाणी प्यायचा, निघायचा. सोवळ्याच्या स्वयंपाकघरात त्याला मज्जाव. विंडोजच्या घरातही हीच शिस्त आहे. वर्ड, एक्सेल, गाणी वाजवणारे, खेळ खेळवणारे हे सगळे ओटीवरचे. आतल्या खोलीला 'रिंग झिरो' म्हणतात आणि तिथे फक्त खुद्द विंडोजचा गाभा आणि यंत्रं चालवणारे ड्रायव्हर. तिथे कोणाचा धक्का लागला तर एखादं भांडं पडत नाही, अख्खं घर निळं होऊन बसतं. स्टारफोर्स ड्रायव्हर बनून, चपलांसकट, थेट त्या सोवळ्यात जाऊन बसला. घरमालकाला विचारलं का? खेळ बसवताना पुढे, पुढे, पुढे असं जे आपण दाबत जातो, त्यालाच होकार समजायचा. आणि खेळ काढून टाकला तरी पाहुणा बहुधा मागेच राहायचा. पुढे कंपनीने त्याला घालवायचं एक स्वतंत्र साधन दिलं, पण ते आहे हे कळायला आधी पाहुणा घरात आहे हे कळायला हवं.

म्हणजे बघा. डब्यावर चित्र सॅमचं, पण त्याच्याहून मुरलेला गडी डब्याच्या आत. सॅमला निदान आपण चाक फिरवून चालवायचो. हा स्वतःच चालायचा, आवाजाच्या मापावर कुठे दिसायचा नाही, आणि त्याच्या डोक्यावर हिरवे दिवेही नव्हते. गंमत म्हणजे 'केऑस थिअरी'च्या कथेतली ती जीवघेणी गणितं कसली, तर 'मास कर्नल' नावाची. कोणाच्याही संगणकात घुसून धुमाकूळ घालू शकतील अशी. ती चुकीच्या हाती पडू नयेत म्हणून सॅम पेरू, पनामा, न्यूयॉर्क, टोकियो पालथं घालत होता. इकडे गिऱ्हाइकाच्या संगणकाच्या कर्नलमध्ये, म्हणजे गाभ्यात, कोण ठाण मांडून बसलंय, याची चौकशी करायला त्याला फुरसत नव्हती.

तक्रारींचा पाऊस पडला. कोणाची यंत्रं अडखळू लागली, कोणाची सीडी लिहायची ड्राइव्ह गोगलगायीच्या वेगाने चालू लागली. त्यामागचं कारण लोक असं सांगायचे: विंडोज एक्सपीला ड्राइव्हकडून वारंवार चुका येताना दिसल्या की एक्सपी त्या ड्राइव्हचा वेग पायरीपायरीने उतरवते, आणि शेवटी 'पीआयओ' नावाच्या जुनाट पद्धतीवर आणून ठेवते. स्टारफोर्सच्या त्या विचित्र मोजमापामुळे अशा चुका साचतात, असा आरोप. कंपनीने तो साफ नाकारला, आणि नाकारायची तिची रीत खास होती. आमच्यामुळे ड्राइव्ह बिघडते हे सिद्ध करून दाखवा आणि बक्षीस घेऊन जा, असं तिने जाहीर केलं. फक्त दाखवायला मॉस्कोला यायचं, तेही स्वखर्चाने. ड्राइव्ह गेली म्हणून चिडलेल्या माणसाने ती पिशवीत घालून व्हिसाच्या रांगेत उभं राहायचं, आणि मॉस्कोच्या विमानतळावर अधिकाऱ्याने "येण्याचं कारण?" विचारलं की पिशवी उघडून दाखवायची.

जानेवारी २००६ मध्ये कोरी डॉक्टरो या लेखकाने स्टारफोर्सबद्दल चार कडक शब्द लिहिले, तर कंपनीने त्याला कोर्टात खेचायची धमकी दिली. धमकी मिळाल्यावर लेखक काय करतो? तो धमकीवरही लिहितो. जे स्टारफोर्सचं नाव फक्त खेळ खेळणाऱ्या पोरांना ठाऊक होतं ते आता त्यांच्या आईबापांनाही ठाऊक झालं.

पण कळस पुढेच होता. त्याच सुमारास स्टारडॉक नावाच्या अमेरिकन कंपनीने 'गॅलॅक्टिक सिव्हिलायझेशन्स २' हा खेळ काढला, आणि त्याच्या डिस्कवर कसलाच पहारा ठेवला नाही. त्यांचा हिशोब साधा. पैसे देणाऱ्याला त्रास द्यायचा नाही, त्याला नवनव्या सुधारणा देत राहायच्या, म्हणजे तो आपला होतो. खेळ खपलाही छान. आता कुलूप न लावता एखाद्याचं दुकान चालतंय हे कुलूपवाल्याला कसं बघवेल? स्टारफोर्सच्या एका कर्मचाऱ्याने कंपनीच्याच संकेतस्थळावर त्या खेळाची चोरटी प्रत कुठे मिळते त्याचा पत्ता टाकला. हेतू हा की बघा, पहारा नसला की कशी चोरी होते! चोरीचा पुरावा म्हणून चोरीचा माल कुठे मिळतो ते जगाला सांगणारा दुसरा पहारेकरी माझ्या तरी ऐकिवात नाही. बोभाटा झाल्यावर कंपनीने माफी मागितली.

अमेरिकेत युबिसॉफ्टवर या स्टारफोर्सपायी पन्नास लाख डॉलरचा दावा लागला, आणि एप्रिल २००६ मध्ये युबिसॉफ्टने स्टारफोर्सशी काडीमोड घेतला.

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. हा पहारेकरी कुचकामी अजिबात नव्हता. त्या काळी नवा खेळ बाजारात यायच्या आतच त्याची फोडलेली प्रत फिरू लागायची. 'केऑस थिअरी' मात्र वर्षभराहून जास्त काळ कोणाला फुटली नाही. खेळ फोडणाऱ्या नामांकित टोळ्या डोकं आपटत बसल्या होत्या. याची झळ थेट मुंबईच्या लॅमिंग्टन रोडपर्यंत पोचली होती. मी तिथे माउस घ्यायला गेलो होतो, पावती दाखवू शकतो. फूटपाथवर प्लास्टिकच्या पाकिटात झेरॉक्सची मुखपृष्ठं घातलेल्या सीड्या मांडून बसलेल्या एका गृहस्थाशी कोणी एक कॉलेजवयाचा मुलगा बोलत होता.

"स्प्लिंटर सेल आहे का?"

"पहिला आहे, दुसरा आहे."

"तिसरा?"

"पुढच्या आठवड्यात."

"मागच्या वेळी पण हेच बोललेलात."

"तेव्हापण पुढच्याच आठवड्यात होता. घाई असेल तर ओरिजिनल घे ना."

"ओरिजिनल चालेल ना पण?"

"त्याची गॅरंटी मी कशी देऊ? आपल्या मालाची देतो. नाही चालला तर बदलून घेऊन जायचा."

गणपती आले आणि गेले, दिवाळी झाली, तिसरा भाग 'पुढच्या आठवड्यात'च राहिला. या गृहस्थाने ज्या थंडपणे गॅरंटीचा मुद्दा मांडला त्याला तोड नव्हती. चोरीच्या मालाबरोबर सेवाही मिळायची. त्या सीडीवर 'क्रॅक' नावाचं एक फोल्डर असायचं आणि शेजारी एक सूचनापत्र. अक्षरांच्या नक्षीने सजवलेलं, लग्नपत्रिकेलाही लाजवील असं. त्यात पायऱ्या दिलेल्या: हे इथून उचला, तिथे ठेवा, विचारलं तर 'हो' म्हणा. आणि पुष्कळ पत्रांच्या तळाशी एक उपदेश, की खेळ आवडला तर विकत घ्या, बनवणाऱ्याच्या कष्टाचं चीज करा. किल्ल्या बनवणाऱ्या छोट्या प्रोग्रॅमला तर स्वतःचं संगीत असायचं, टिणटिण वाजणारं. चोर दाराशी येतो, बासरी वाजवतो, कुलूप काढून देतो आणि जाताना सदाचरणाचं पत्रक ठेवून जातो. ओरिजिनलच्या डब्यात काय होतं? कोन मोजणारा मॉस्कोवाला.

काही जिद्दी लोकांनी स्टारफोर्सला चकवायचा अजब उपाय शोधला होता. खोटी, कल्पनेतली सीडी ड्राइव्ह दाखवणारे प्रोग्रॅम तेव्हा मिळत. पण खरी ड्राइव्ह जोडलेली दिसली की स्टारफोर्स त्या खोट्या ड्राइव्हला दाद द्यायचा नाही. मग लोक काय करायचे, तर कॅबिनेट उघडून खऱ्या ड्राइव्हची केबलच उपटायचे! खरी ड्राइव्ह गायब झाल्यावर बिचारा खोटीवर विश्वास ठेवायचा. आपल्याकडे ही शस्त्रक्रिया फारच सोपी होती, कारण कॅबिनेटची एक बाजू पहिल्याच उन्हाळ्यात काढून पलंगाखाली टाकलेली असायची आणि उघड्या आतड्यांवर टेबलफॅन रोखलेला असायचा. केबलची ती रुंद राखाडी पट्टी, तिच्या कडेला एक लाल रेघ. उपटताना लाल रेघ कोणत्या बाजूला होती ते लक्षात ठेवायचं. ते विसरणारे पुन्हा लॅमिंग्टन रोडला जायचे, या वेळी दुरुस्तीला.

आणि सॅम फिशरच्या नावावर तर याहून मोठं पाप आहे. पहिला 'स्प्लिंटर सेल' मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्स यंत्रावरही आला होता. एक्सबॉक्स चोहोबाजूंनी बंदिस्त, मायक्रोसॉफ्टच्या शिक्क्याशिवाय त्यावर काही चालायचं नाही. काही हुन्नरी लोकांना दिसलं की या खेळाने जपून ठेवलेली प्रगती वाचताना तो पुरेशी तपासणी करत नाही. त्यांनी जपलेल्या खेळाच्या रूपात आपलाच प्रोग्रॅम आत सोडला, आणि एक्सबॉक्सवर लिनक्स चालवून दाखवलं. आणखी दोन-तीन खेळांत अशी भोकं होती, पण गुप्तहेराच्या खेळाने आपल्याच मालकाच्या किल्ल्याचा चोरदरवाजा उघडावा, ही शोभा त्यांना नाही. पुढे या खेळाच्या जुन्या प्रती लोक मुद्दाम शोधून घेऊ लागले. खेळायला नव्हे, कुलूप काढायला.

स्टारफोर्स गेला म्हणून पहाऱ्याची हौस फिटली असं नाही. जुलै २००८ मध्ये युबिसॉफ्टच्याच 'रेनबो सिक्स: व्हेगास २' या खेळाची नवी सुधारणा आली. ज्यांनी खेळ दुकानातून न आणता इंटरनेटवरून उतरवून घेतला होता, त्यांच्याकडे डिस्क असायचं कारणच नव्हतं, आणि सुधारणेनंतर खेळ डिस्क मागू लागला. ग्राहक ओरडले. कंपनीकडून लगबगीने एक दुरुस्ती आली, ती चालली, सगळे खूश. मग कोणीतरी त्या दुरुस्तीच्या फाइलच्या पोटात डोकावून पाहिलं, तर तिथे 'रीलोडेड' या खेळ फोडणाऱ्या टोळीचं नाव! कंपनीत कोणीतरी चोरांनी बनवलेली किल्ली उचलून, चोरांच्या सहीसकट, आपल्याच गिऱ्हाइकांना अधिकृत म्हणून वाटली होती. माझ्या मते ही त्या दशकातली सगळ्यात प्रामाणिक तांत्रिक मदत. गिऱ्हाइकाची अडचण काय आणि ती कोणाला सोडवता येते, दोन्ही एका फाइलीत कबूल केलेलं.

बॅटमॅनवाल्यांनी वेगळाच मार्ग काढला. २००९ च्या 'अर्खम असायलम'मध्ये बॅटमॅन छपरावरून उडी मारून पंख्यासारखा झगा पसरून तरंगत जातो. चोरट्या प्रतीत हा झगा उघडायचाच नाही, आणि एका खोलीतून पुढे जायला तर तरंगावंच लागतं. एक पठ्ठ्या चक्क बनवणाऱ्यांकडेच तक्रार घेऊन गेला, की खेळात दोष आहे, बॅटमॅन नुसत्याच उड्या मारतोय. दोष खेळात नसून तुझ्या नीतीत आहे, असं त्याला ऐकवण्यात आलं. सगळ्या पहारेकऱ्यांत मला हाच आवडतो. तो मूळ प्रत घेणाऱ्याला छळत नव्हता आणि चोराला हाकलत नव्हता, फक्त त्याला स्वतःहून तक्रार घेऊन यायला लावत होता.

युबिसॉफ्टने मात्र २०१० मध्ये उलटा रस्ता धरला. आता पहारेकरी तुमच्या घरात नाही, आमच्या घरात बसेल. तुम्ही खेळत असेपर्यंत इंटरनेटवरून त्याच्याशी सतत बोलत राहायचं. बोलणं थांबलं की खेळ थांबला. 'असॅसिन्स क्रीड २' मार्चमध्ये या अटीवर आला. त्यातला नायक पंधराव्या शतकातल्या फ्लोरेन्सच्या कौलांवरून धावतो, बुरखा ओढून गर्दीत मिसळतो, खंजीर चालवतो, आणि तुमच्या मोडेमचा दिवा लुकलुकला की हवेतच गोठतो. परत जोडणी झाली की खेळ आपला आधीच्या टप्प्यापासून सुरू. ही अट कोणी सुचवली असेल त्याला त्या वर्षीच्या एप्रिलमध्ये महाराष्ट्रातल्या एखाद्या तालुक्याच्या गावी आठवडाभर ठेवायला हवं होतं. भारनियमनात घरचा संगणक इन्व्हर्टरवर चालू राहायचा, पण चौकातल्या खांबावरच्या केबलवाल्याच्या डब्याला इन्व्हर्टर कोण देणार? 

आणि सात मार्चला, रविवारी, कोणीतरी युबिसॉफ्टच्या त्या सर्व्हरवरच हल्ला चढवला. लाखो खोट्या हाका मारून पहारेकऱ्याला इतकं गुंतवून ठेवलं की खऱ्या गिऱ्हाइकाला उत्तर द्यायला तो मोकळाच राहिला नाही. ज्यांनी पैसे मोजले होते ते सुट्टीच्या दिवशी पडद्याकडे बघत बसले. चोर सोडून संन्याशाला फाशी ही म्हण आपल्याकडे जुनी आहे. इथल्या संन्याशाने दोराचे पैसे आगाऊ भरले होते.

पुढच्याच महिन्यात सॅम फिशरचा नवा खेळ आला, 'कन्व्हिक्शन', आणि त्यालाही हीच अट. जगभर टेलिफोनच्या तारा कापत हिंडलेला सॅम आता गिऱ्हाइकाच्या घरातली एक तार सुटली की जागच्या जागी लुळा पडायचा. फेब्रुवारी २०१२ मध्ये कंपनीने सर्व्हर एका जागेवरून दुसऱ्या जागी हलवायला काढले, तेव्हा काही खेळ पुन्हा बंद. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये कंपनीचे प्रमुख ईव्ह गिल्मो यांनी सांगितलं की संगणकावरच्या खेळांत चोरीचं प्रमाण ९३ ते ९५ टक्के आहे. आणि सप्टेंबरात कंपनीने जाहीर केलं की ती सततच्या जोडणीची अट आम्ही सोडून दिली आहे. म्हणजे त्या उरलेल्या पाच-सात टक्क्यांना छळून झाल्यावर.

मग डिस्कच गेल्या. २०१५ मध्ये 'मेटल गिअर सॉलिड ५' संगणकासाठी डब्यात घालून आला, आत चकचकीत डिस्क, आणि डिस्कवर फक्त 'स्टीम' हे दुकान बसवायची जेमतेम काही एमबींची फाइल. खेळ सगळा इंटरनेटवरून उतरवायचा. चोराने ही डिस्क पळवली असती तर त्याचीच कीव आली असती.

त्याच वर्षी विंडोज १० आलं आणि मायक्रोसॉफ्टने जुन्या डिस्करक्षक पहारेकऱ्यांना, सेफडिस्कसारख्यांना, आत घ्यायला नकार दिला. कारण अगदी रास्त: असले ड्रायव्हर सोवळ्यात बसवणं धोक्याचं आहे. दहा वर्षांपूर्वी खेळणारे जे ओरडून सांगत होते तेच. पण परिणाम असा झाला की ज्यांनी मूळ डबे घेतले, जपले, दिवाळीच्या साफसफाईत बायकोपासून वाचवले, त्यांचे कित्येक खेळ नव्या संगणकावर सुरूच होईनात. पहारेकरी दारातच अडकला आणि त्याच्यामागे खेळही. आपलाच खेळ चालवायला त्यांना शेवटी त्याच मंडळींकडे जावं लागलं ज्यांच्या सूचनापत्रात सदाचरणाचा उपदेश असायचा.

नोव्हेंबर २०२१ मध्ये युबिसॉफ्टला पस्तीस वर्षं झाली. त्या आनंदात कंपनीने संगणकावरची 'केऑस थिअरी' काही दिवस फुकट वाटली. जिच्यासाठी रिंग झिरोत पहारा बसवला, कोन मोजले, कोर्टाच्या पायऱ्या चढायची वेळ आणली, ती आता कोणीही या आणि घेऊन जा. स्टारफोर्सचा मागमूस नाही. फक्त आधी कंपनीचं खातं उघडायचं, ई-मेल द्यायचा, जन्मतारीख द्यायची, पासवर्डमध्ये एक मोठं अक्षर आणि एक आकडा घालायचा, कंपनीचा लाँचर बसवायचा, तो स्वतःला अद्ययावत करेपर्यंत थांबायचं, आणि मग सॅम. २००५ मध्ये पैसे मोजून डबा आणलेल्या माणसालाही हीच रांग. डबा दाखवून उपयोग नाही.